फुकटचे डोंगर

‘दुरून डोंगर साजरे’ ही म्हण ज्याने प्रथम प्रचारात आणली, तो गृहस्थ एखाद्या सपाट मुलखातला असावा, असा आम्हांस फार दिवसांपासून संशय आहे. डोंगराच्या पायथ्याशी ज्याचे आयुष्य जाते, त्यास डोंगर साजरा की ओबडधोबड हा प्रश्न पडतच नाही. त्याच्या लेखी डोंगर म्हणजे वाऱ्याची दिशा, पावसाची वर्दी, गुरांचा चारा आणि विहिरीचे पाणी. आम्हां रहिमतपूरकरांच्या उत्तरेस व पूर्वेस महादेवाच्या डोंगररांगेचे फाटे पसरलेले आहेत. पश्चिमेस कृष्णामाई वाहते. एका अंगास जरंडेश्वर, तर दुसऱ्या अंगास औंधच्या यमाईचा डोंगर. एवढे सारे जन्मापासून सभोवार असता त्याकडे मान वर करून पाहण्याचे कारण सहसा पडत नाही. जी वस्तू रोज दिसते ती दिसेनाशी होते, हा मनुष्यस्वभावाचा नियम डोंगरांसही लागू आहे.

हा नियम आमच्यापुरता मोडला तो एका विचित्र निमित्ताने. आमचा पुतण्या पुण्यास संगणकाच्या धंद्यात आहे. त्याने वापरून बाजूस ठेवलेला एक संगणक दिवाळीत आमच्याकडे आला, आणि करमणूक म्हणून त्याने त्यात ‘टेराजेन क्लासिक’ नावाचे एक जुने सॉफ्टवेअर भरून दिले. “काका, हे आता फारसं कोणी वापरत नाही. ह्याच्या पुढची सॉफ्टवेअरं खूप पुढं गेली आहेत. पण हे फुकट आहे, आणि ह्या डबड्यावर चालेल,” असे प्रशस्तिपत्रही त्याने वर दिले. या सॉफ्टवेअरचे काम एकच. ते डोंगर, पाणी, आकाश आणि ढग निर्माण करते, आणि एखाद्या जागी उभे राहून छायाचित्र घ्यावे तसे त्यांचे चित्र काढून देते. मॅट फेअरक्लॉ या इंग्रज कारागिराने ते रचले, आणि हौसेखातर वापरणारास ते फुकट ठेवले. पुढे त्याच्याच कंपनीने याच नावाचे निराळे आणि अधिक समर्थ सॉफ्टवेअर रचले. जुन्याची वाढ तेथेच थांबली.

हे पाहून आमच्या सौभाग्यवतींनी पहिल्याच दिवशी विचारले, “खऱ्या डोंगरांना काय झालं, म्हणून हे खोटे हवेत?” या प्रश्नास तेव्हा आमच्याजवळ उत्तर नव्हते. ते पुढे सापडले. पण त्याआधी हे खोटे डोंगर होतात कसे, हे वाचकांस सांगितले पाहिजे.

डोंगर करण्याची युक्ती समजावयास मुळीच कठीण नाही. एक चौकोनी सपाट जमीन कल्पावी. तिच्या मध्यबिंदूस फासे टाकून जी संख्या येईल तितके वर उचलावे अथवा खाली दाबावे. मग त्या चौकोनाचे चार लहान चौकोन होतात. त्यांच्या मध्यांसही तसेच करावे, पण या खेपेस उचल निम्म्याने कमी घ्यावी. मग सोळा चौकोन, मग चौसष्ट. अशी नऊ वेळा विभागणी केली म्हणजे एका बाजूस 513 बिंदू होतात आणि एकंदर 2,63,169 बिंदूंचा प्रदेश तयार होतो. मोठ्या उचलीने पर्वत होतो, मधलीने सोंड होते, लहानीने दगडधोंडे होतात. डोंगराचा लहान तुकडा पुष्कळदा आख्ख्या डोंगरासारखाच दिसतो, हे निसर्गाचे गुपित गणिती बेन्वा मँडेलब्रॉट यांनी ओळखले, आणि अशा आकृतींना 1975 साली ‘फ्रॅक्टल’ असे नाव दिले. त्याच कल्पनेवर बोइंग या विमानाच्या कारखान्यात काम करणाऱ्या लॉरेन कार्पेंटर यांनी 1980 साली संगणकाने काढलेल्या डोंगरांवरून उडत जाण्याचा दोन मिनिटांचा चित्रपट करून दाखविला. तो पाहून चित्रपटवाल्यांनी त्यांना आपल्याकडे घेतले, आणि 1982 सालच्या ‘स्टार ट्रेक’च्या दुसऱ्या चित्रपटात एक आख्खा ग्रह प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत डोंगरदऱ्यांनी भरून गेला. जे तेव्हा मोठमोठ्या यंत्रांवर होत असे, ते 1994 साली ‘ब्राइस’ नावाच्या सॉफ्टवेअरने घरातल्या संगणकावर आणले. आणि टेराजेनने ते आमच्यासारख्या फुकट्यांच्याही हाती दिले.

या सॉफ्टवेअरच्या पडद्यावर काही पट्ट्या सरकवावयाच्या असतात. एक सरकवली म्हणजे डोंगर हिमनदीने घासल्यासारखा होतो; दुसरी सरकवली म्हणजे त्यात खोल कडे पडतात. सूर्य कोणत्या दिशेस व क्षितिजापासून किती अंश वर, हे आपण ठरवावयाचे. आम्हांस सर्वांत नवल वाटले ते हवेच्या पट्ट्यांचे. हवेतला धूसरपणा निराळा, तिचा निळेपणा निराळा, आणि लांबून येणाऱ्या प्रकाशाचा तांबूसपणा निराळा. निळेपणाची पट्टी अगदी शून्यावर आणली म्हणजे दहा मैलांवरचा डोंगर अंगणातल्या ढिगाऱ्यासारखा दिसू लागतो. ती थोडी वाढवली की तोच डोंगर दूर जातो, मोठा होतो आणि गंभीर होतो. मधल्या हवेचे कण निळा प्रकाश अधिक विखुरतात, म्हणून दूरचा डोंगर निळा दिसतो, हे पुस्तकात आम्ही वाचले होते. हाताने करून पाहिले नव्हते. आरंभी जिच्यावर आम्ही संशय घेतला त्या म्हणीचे गणित असे एका पट्टीत सापडले. तेव्हापासून संध्याकाळी स्टेशनाच्या रस्त्याने फिरावयास जाताना समोरच्या रांगांच्या निळाईच्या पायऱ्या मोजण्याची आम्हांस सवय लागली. चार मोजल्या तर हवा स्वच्छ. दोनच दिसल्या तर धूळ आहे. इतकी वर्षे याच रस्त्याने आम्ही खाली पाहून चालत होतो.

चित्रकारांस हे शिकविण्यास यंत्र लागत नाही, हे खरे. कोल्हापूरचे अबालाल रहिमान कोटितीर्थाच्या काठी राहिले, आणि त्याच एका तळ्याची चित्रे त्यांनी निरनिराळ्या वेळच्या प्रकाशात पुनःपुन्हा काढली. आमच्या शेजारच्या औंधास बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः कुंचला हाती धरणारे राजे होते; त्यांनी 1938 साली उभारलेल्या श्री भवानी संग्रहालयात आमच्या पिढीतल्या कित्येक खेडवळ पोरांनी पहिल्यांदा चांगले चित्र पाहिले. परंतु कुंचला हाती आला म्हणजे डोळा येतोच असे नाही, आणि आमच्या हाती तर कुंचलाही कधी आला नाही. ज्याला रेघ ओढता येत नाही त्यास निदान सूर्य सरकविता यावा, एवढी सोय या फुकटच्या साधनाने केली.

आमचा पहिला डोंगर मोठा देखणा झाला. शिखरावर बर्फ, पायथ्याशी निळे सरोवर, त्यात शिखराचे प्रतिबिंब. जुन्या संगणकाने ते एक चित्र काढावयास जवळजवळ तास घेतला. आम्ही ते कौतुकाने साऱ्यांस दाखविले. शेजारच्या शेतातले आबा पाण्याच्या पाळीबद्दल विचारावयास आले होते, त्यांनाही दाखविले. आबांनी चष्मा नीट केला, चित्राकडे पुष्कळ वेळ पाहिले आणि विचारले, “मास्तर, ह्यातलं पाणी कुठं जातंय?”

आम्ही चित्राकडे पुन्हा पाहिले. पाणी कोठेच जात नव्हते. सरोवरास वाट नव्हती, डोंगरास ओढा नव्हता. मग वरून पाहिले, तो त्या साऱ्या प्रदेशात ठिकठिकाणी असे खळगे होते की त्यांत पडलेल्या थेंबाने बाहेर जाऊच नये. आबांनी पन्नास वर्षे शेतात पाणी फिरविले आहे. शास्त्रज्ञांनी या डोंगरांत जी उणीव काढली, तीच त्यांना एका दृष्टिक्षेपात दिसली. फाशांनी केलेल्या डोंगरावर पाऊस कधी पडलेलाच नसतो. खरी जमीन फाशांनी होत नाही. तिचा प्रत्येक उतार हजारो पावसाळ्यांनी कोरलेला असतो, आणि तिच्यावरचा प्रत्येक ओहोळ दुसऱ्या कोणत्या तरी ओहोळास जाऊन मिळतो. आमच्या परसातले पाणी ओढ्यास, ओढ्याचे कृष्णेस आणि कृष्णेचे थेट पूर्वसमुद्रास जाते. पाण्याला वाट सापडलेली असणे हेच मुलूख खरा असल्याचे पहिले लक्षण होय.

दुसरे लक्षण आम्हांस आमच्याच डोंगरांनी दाखविले. सातारा जिल्ह्यातला कोणताही डोंगर पाहा. तो जिन्यासारखा चढत जातो. कातळाचा उभा कडा, मग गवताचा उतार, पुन्हा कडा, पुन्हा उतार, आणि माथ्यावर बहुधा सपाटी. याचे कारण सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचे आहे. तेव्हा या भूमीवर लाव्हारसाचे थर एकावर एक पसरले. त्यांतला घट्ट दगड टिकला तेथे कडा राहिला, आणि ठिसूळ थर झिजला तेथे उतार झाला. भूगर्भशास्त्रज्ञ यास ‘डेक्कन ट्रॅप’ म्हणतात; त्यातला ‘ट्रॅप’ हा शब्द स्वीडिश भाषेतल्या जिन्याच्या शब्दावरून आला आहे. आम्ही कितीही पट्ट्या सरकवल्या, तरी टेराजेनमधून असा जिन्याचा डोंगर मनासारखा निघेना. आल्प्स पाहिजे तितके निघाले. जरंडेश्वर एकदाही निघाला नाही.

जुन्या नाटक मंडळ्यांच्या सामानात जंगलाचा एक पडदा असे. तोच दंडकारण्य, तोच कण्वाश्रम आणि तोच चोरांचा डोंगर. कोल्हापूरचे आनंदराव व बाबुराव पेंटर हे बंधू असे पडदे रंगविण्यात निष्णात होते, आणि त्या हातांतूनच पुढे मराठी चित्रपट जन्मास आला. त्या पडद्यांस आम्ही नावे ठेवीत नाही. कोठलेही नसलेले जंगल कोठेही चालते, हीच त्याची सोय. पण ज्या वसंत कानेटकरांचा जन्म आमच्या रहिमतपुरातला, त्यांच्या 1962 सालच्या नाटकाच्या नावात जागा होतो तो कोणताही एक गड नव्हे, रायगड. नावाचा डोंगर आणि बिननावाचा डोंगर यांतला भेद तेथे एका शब्दात आहे.

मग पुतण्यानेच सुचविले की, फासे टाकण्याऐवजी खऱ्या उंचीचे आकडे भरून पाहावे. हे आकडे कोठून यावयाचे? फेब्रुवारी 2000 मध्ये अमेरिकेचे ‘एंडेव्हर’ हे अवकाशयान अकरा दिवस पृथ्वीभोवती फिरले. त्यात सहा माणसे होती, आणि त्याच्या अंगातून साठ मीटर लांबीची एक दांडी बाहेर काढलेली होती. यानावरच्या आणि दांडीच्या टोकाच्या अशा दोन ठिकाणांहून रडारने एकदम पाहून, दोन डोळ्यांनी आपण अंतर ओळखतो तशी, या मोहिमेने पृथ्वीवरच्या जमिनीच्या सुमारे ऐंशी टक्के भागाची उंची मोजली. अमेरिकेबाहेरच्या मुलखाचे आकडे प्रथम सुमारे नव्वद मीटरांच्या अंतराने मिळत. 2014 पासून सुमारे तीस मीटरांच्या अंतराने मिळू लागले, आणि तेही फुकट. योगायोग असा की टेराजेनमध्येही दोन बिंदूंतले अंतर मुळात तीस मीटरच धरलेले आहे. म्हणजे 513 बिंदूंची बाजू सुमारे पंधरा किलोमीटरांची होते. रहिमतपूर एका कडेस धरले तर औंधच्या यमाईचा डोंगर दुसऱ्या कडेजवळ येतो.

दुसऱ्या एका फुकटच्या साधनाने आकड्यांचे रूपांतर करून पुतण्याने ते फोनवरून समजावीत आमच्याकडून भरवून घेतले. पडद्यावर प्रथम करड्या रंगाचा एक चुरगळलेला कागद दिसला. सूर्य पश्चिमेस दहा अंशांवर ठेवला, हवेला थोडी निळाई दिली आणि चित्र काढावयास सांगितले. वरून खाली एकेक ओळ उमटत गेली, तसतसे आमचे डोंगर आले. जिन्याचे टप्पे थोडे बोथट होते. तीस मीटरांच्या चाळणीतून कड्याची धार निसटते. या सॉफ्टवेअरला झाड ठाऊक नाही. हिरवा रंग म्हणजेच गवत. तेथे गाव नव्हते, मशीद नव्हती, रणदुल्लाखानाची म्हणून सांगतात ती कबर नव्हती, शाळा नव्हती, आमचे घरही नव्हते. परंतु प्रत्येक ओढा जेथून निघावयाचा तेथूनच निघून जेथे जावयाचा तेथेच जात होता.

आणि आमच्या शिवाराच्या कडेस टेकडी होती.

ही टेकडी नकाशात नाव असण्याइतकी मोठी कधीच नव्हती. आम्ही तिला नुसती ‘टेकडी’च म्हणत असू. चाळीसएक मीटर उंच, अडीचशे मीटर रुंद, माथ्यावर शेंदूर फासलेला एक दगड आणि दोन बाभळी. त्या यानाने तिला मोजले त्यानंतर काही वर्षांनी रस्त्यांची कामे निघाली. खडीस दगड हवा होता, आणि टेकडीचा दगड चांगला होता. सुरुंग लागले, यंत्रे आली, आणि दहाबारा वर्षांत टेकडीच्या जागी खड्डा झाला. तो दगड ज्या रस्त्यात गेला त्याच रस्त्याने आम्ही साताऱ्यास दवाखान्यात जातो, आणि आमची नातवंडे शाळेत जातात. तेव्हा येथे कोणास आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करावे असा आमचा हेतू नाही. सांगावयाचे ते इतकेच की, पडद्यावर ती टेकडी पन्नास-साठ बिंदूंची का होईना, पण उभी होती, आणि दहा अंशांवरच्या सूर्याने तिची सव्वादोनशे मीटर लांब सावली पूर्वेच्या शेतांवर पडली होती.

ते शेत आबांचे. आम्ही त्यांना बोलावून आणले. या खेपेस त्यांनी पाण्याविषयी काही विचारले नाही. त्यांनी बोट टेकवून विहिरीची जागा दाखविली. सावलीचे टोक तेथून थोडे पुढे गेले होते. “सावली विहिरीवर आली की औत सोडायचं, असा आमच्या वडलांचा शिरस्ता,” ते म्हणाले. “घड्याळ कुणाकडं होतं?” मग थोडे थांबून म्हणाले, “आता ऊन शेवटपर्यंत ऱ्हातंय.” एवढेच बोलून ते उठले. आमच्या सौभाग्यवती चहा घेऊन दारात उभ्या होत्या. खऱ्या डोंगरांना काय झाले, हा प्रश्न त्यांनी पुन्हा विचारला नाही.

त्या दिवसापासून एक विचार आमच्या मनात घर करून राहिला आहे. जमिनीची नोंद ठेवण्यात आपला समाज काही मागासलेला नाही. सातबाराच्या उताऱ्यावर क्षेत्र असते, आकार असतो, मालकाचे नाव असते, पीक असते आणि कर्जाचा बोजाही असतो. नसते ती उंची. एखादी आख्खी टेकडी नाहीशी झाली तरी उताऱ्यावरचे क्षेत्र एका गुंठ्याने बदलत नाही; उलट सपाट झाली म्हणून जमिनीची किंमत वाढण्याचाच संभव. सावली, वारा अडविणे, पाणी मुरविणे, गुरांना चार महिने गवत देणे ही जी टेकडीची मिळकत, तिला आपल्या दप्तरात रकाना नाही. परक्या देशाच्या एका यानाने अकरा दिवसांत ती नोंद अनायासे करून ठेवली, आणि एका परक्या कारागिराच्या जुन्या सॉफ्टवेअरने ती आम्हांस वाचून दाखविली.

जुने म्हणून बाजूस पडलेले साधन कोणत्या उपयोगाचे, असे कोणी विचारील. संगणकाच्या दुनियेत वार्धक्य फार लवकर येते. फ्रान्समध्ये जन्मलेले ‘व्ह्यू’ हे याच जातीचे, पण फार समर्थ आणि महागडे सॉफ्टवेअर. त्याच्या मालकांनी 2024 साली त्याची वाढ थांबविली आणि ते सर्वांस फुकट करून टाकले. व्यापाराच्या दृष्टीने असे फुकट होणे म्हणजे बहुधा मरणच. आमची दृष्टी निराळी आहे. ज्याला बाजारात आता काही मिळवावयाचे उरले नाही, ते साधन वापरणाऱ्यास घाई करीत नाही, दर महिन्यास वर्गणी मागत नाही, आणि नवीन यंत्र घ्या म्हणून मागे लागत नाही. घरातल्या निवृत्त वडीलधाऱ्यासारखे ते एका कोपऱ्यात बसते, आणि जो जवळ जाईल त्यास आपणास ठाऊक असलेले तेवढे सांगते. टेराजेनला झाडे ठाऊक नाहीत, माणसे ठाऊक नाहीत. दगड, पाणी, हवा आणि ऊन एवढेच ठाऊक. पण आपल्या मुलखाची ओळख करून घ्यावयास आरंभ तेथूनच करावा लागतो, आणि आम्ही तर तो आयुष्यात केलाच नव्हता.

आमच्या मते प्रत्येक गावच्या शाळेत त्या गावाच्या पंधरा किलोमीटरांचे असे एक चित्र भिंतीवर असावे. त्याला खर्च नाही. आकडे फुकट आहेत, साधन फुकट आहे, आणि शाळेतला जुना संगणकही या कामास पुरतो. मुलांनी त्यात आपला ओढा शोधावा, तो कोठे जातो ते बोटाने दाखवावे, आणि जेथे चित्रातली उंची व डोळ्यांपुढची उंची जुळत नाही तेथे खूण करावी. अशा खुणा पुष्कळ होतील, अशी आम्हांस भीती वाटते; म्हणूनच त्या लवकर झालेल्या बऱ्या.

फुकट मिळालेल्या वस्तूची किंमत राहत नाही असे म्हणतात, आणि ते संगणकावरच्या डोंगरांपेक्षा खऱ्या डोंगरांच्या बाबतीत अधिक खरे आहे. यमाईच्या डोंगरास, जरंडेश्वरास, अथवा आमच्या शिवारातल्या त्या बिननावाच्या टेकडीस आमच्या वाडवडिलांनी एक पैही मोजली नव्हती. ते सारे आम्हांस असेच मिळाले होते. पडद्यावरची टेकडी एक कळ दाबून पुसता येते आणि दुसरी कळ दाबून परत आणता येते. शिवारात मात्र पुसण्याचीच तेवढी सोय आहे.